हिमप्रदेशातील लोकांचा सखा : क्नुड रासमुसेन

पृथ्वीच्या उत्तर टोकाकडे ग्रीनलंड नावाचे एक अफाट बेट आहे. त्याचा सुमारे चार पंचमांश भाग बाराही महिने बर्फाखाली असतो. त्या बेटाच्या किनाऱ्यावर, आणि तेथून पश्चिमेस कॅनडाच्या व अलास्काच्या उत्तर तीरापर्यंत, जे लोक शेकडो वर्षे राहत आले आहेत त्यांस पूर्वीच्या पुस्तकांत एस्किमो असे नाव असे. ते स्वतःस इनुइट म्हणवितात, आणि त्या शब्दाचा अर्थ माणसे एवढाच आहे. जेथे धान्य पिकत नाही, जळणास झाड मिळत नाही, आणि हिवाळ्यात कित्येक आठवडे सूर्य उगवत नाही, तेथे माणसे संसार कसा करितात, कशास भितात व कशाची आशा धरितात, हे ज्यांनी जगास नीट समजावून दिले त्या क्नुड रासमुसेन ह्यांची हकीकत आज आम्ही वाचकांपुढे ठेवीत आहो.

रासमुसेन ह्यांचा जन्म १८७९ सालच्या जून महिन्याच्या ७ तारखेस पश्चिम ग्रीनलंडातील इलुलिस्सात ह्या गावी झाला. त्यांचे वडील डेन्मार्क देशचे असून तेथील मंडळीचे पाळक होते. त्यांनी ग्रीनलंडच्या भाषेचा कसून अभ्यास करून तिचे व्याकरण व कोश तयार केला होता. आईच्या कुळात इनुइट रक्त होते. अशा घरात वाढलेल्या मुलास दोन्ही भाषा सारख्याच आपल्या वाटल्या ह्यात नवल नाही. तो गावच्या मुलांबरोबर खेळला, त्यांच्याबरोबर शिकारीस गेला, आणि लहानपणीच कुत्र्यांची घसरगाडी हाकावयास शिकला. आमच्याकडे शेतकऱ्यास बैलाचे जे मोल, ते तिकडे शिकाऱ्यास कुत्र्याचे आहे. पुढे ज्या विद्येने ते प्रसिद्धीस आले तिचे मुळाक्षर त्यांनी पाळकाच्या अंगणातच गिरविले, असे म्हटल्यास चालेल.

शिक्षणासाठी त्यांस डेन्मार्कास पाठविण्यात आले. तेथे काही काळ नट व गायक होण्याची खटपट त्यांनी करून पाहिली, परंतु तीत यश आले नाही. अखेर १९०२ साली काही लेखक व चित्रकार ग्रीनलंडास निघाले, त्यांच्या मंडळीत ते सामील झाले. १९०४ पर्यंत चाललेल्या ह्या प्रवासात ते बेटाच्या वायव्य टोकाशी राहणाऱ्या इनुइट लोकांत जाऊन राहिले. बाहेरच्या जगाशी ज्यांचा फारच थोडा संबंध आला होता अशा त्या लोकांविषयी त्यांनी १९०५ साली आपले पहिले पुस्तक प्रसिद्ध केले. १९१० साली पीटर फ्रॉइकेन ह्या मित्राबरोबर त्यांनी त्याच भागात एक दुकान घातले आणि त्या ठिकाणाचे नाव थुले असे ठेविले. शिकारी लोक कातडी आणीत व बदल्यात बंदुका, सुऱ्या, चहा वगैरे जिन्नस नेत. ह्या व्यापाराच्या नफ्यातून त्यांनी पुढे सात मोठ्या सफरी काढिल्या. ह्या सर्व सफरी थुले ह्याच नावाने ओळखल्या जातात.

ह्या सफरींत त्यांस उपासमार काय असते हे पुस्तकातून शिकावे लागले नाही. १९१६ साली निघालेल्या दुसऱ्या सफरीत ग्रीनलंडच्या उत्तर किनाऱ्यावर शिकार मिळेना. सोबतची कुत्री मारून खाण्याची पाळी आली. हेंड्रिक ओल्सेन नावाचा ग्रीनलंडचा सोबती शिकारीस गेला तो परत आलाच नाही, आणि थोरिल्ड वुल्फ हे स्वीडन देशचे वनस्पतिशास्त्रज्ञ अशक्तपणाने वाटेतच मृत्यू पावले. ज्या देशात एक आठवडा शिकार चुकली तर घर बसे, त्या देशाचे रीतिरिवाज हसण्यावारी नेण्याचा अधिकार कोणासही नाही, हा धडा अशा प्रसंगांतूनच मिळतो.

त्यांचे सर्वात मोठे कार्य म्हणजे १९२१ ते १९२४ ह्या वर्षांतील पाचवी थुले सफर. डेन्मार्कचे काही विद्वान आणि थुले येथील काही इनुइट शिकारी व त्यांच्या स्त्रिया असा तो मेळा होता. विद्वानांपैकी कोणी जुन्या वस्तीची जमीन खणून पाहावी, कोणी हत्यारे व कपडे तपासावे, कोणी नकाशे काढावे, अशी वाटणी होती. लोकांची श्रद्धा, गाणी व जुन्या कथा ऐकून लिहून घेण्याचे काम रासमुसेन ह्यांनी आपल्याकडे ठेविले. इतर प्रवासी दुभाष्याच्या तोंडाकडे पाहत बसत. हे मात्र घरातील म्हातारीशी तिच्याच बोलीत बोलत, पुढे ठेविलेले कच्चे मांस इतरांसारखेच खात, आणि प्रश्न विचारण्याची घाई करीत नसत.

त्या लोकांचे दिवस त्या काळी कसे जात ते थोडक्यात सांगतो. हिवाळ्यात ते घट्ट बर्फाच्या विटा कापून घुमटासारखे घर रचीत. आत मऊ दगडाचा उथळ दिवा असे. त्यात सील नावाच्या समुद्रप्राण्याची चरबी घालीत व शेवाळाची वात लावीत. उजेड तोच, शेगडी तीच, आणि ओले कपडे वाळविण्याची जागाही तीच. सील श्वास घेण्यासाठी गोठलेल्या समुद्रास भोके ठेवितो. त्या भोकापाशी शिकारी भाला घेऊन कडाक्याच्या थंडीत तासन्‌तास निश्चल उभा राही. अंगात रेनडियरच्या कातड्याचे दुहेरी कपडे असत, आतल्याची लव अंगाकडे व बाहेरच्याची बाहेर. शिवण एके ठिकाणी उसवली तरी हात गोठून माणूस निकामी होई. म्हणून तेथे बायकोच्या सुईस नवऱ्याच्या भाल्याइतकाच मान होता.

रासमुसेन ह्यांनी अनेक विधिनिषेध लिहून ठेविले. एकाच दिवशी वॉलरसचे व रेनडियरचे मांस खावयाचे नाही. मारलेल्या सीलच्या तोंडात गोडे पाणी घालावयाचे. कातडी शिवण्याचे अमुक काम समुद्राच्या बर्फावर राहावयास जाण्यापूर्वीच संपवावयाचे. इग्लुलिक भागातील आउआ नावाच्या एका वृद्ध मांत्रिकास त्यांनी ह्या नियमांची कारणे विचारिली. आउआ त्यांस घराबाहेर घेऊन गेला. वादळ चालले होते, आणि दिवसभर भोकापाशी उभे राहिलेले शिकारी रिकाम्या हातांनी परतत होते. मग त्याने एका घरात नेले. तेथे चरबी संपत आल्यामुळे दिवा मंद झाला होता आणि मुले थंडीने कुडकुडत होती. शेवटी त्याने आपल्या आजारी बहिणीस दाखविले. हे असे का होते, असे त्याने उलट विचारिले, आणि पाहुण्यांपाशी उत्तर नव्हते. तेव्हा त्याने समजावून दिले की, ह्या गोष्टींची कारणे तुम्हांस सांगता येत नाहीत, तशीच आम्हांस आमच्या नियमांची सांगता येत नाहीत. संकटे आहेत, त्यांचे भय आहे, आणि ह्या नियमांच्या आधाराने आमचे वाडवडील जगले, म्हणून आम्हीही ते पाळितो. पाळकाचा हा पुत्र त्या ठिकाणी वाद घालीत बसला नाही. त्याने ऐकिले तसे लिहून ठेविले, आणि म्हणूनच आउआचे म्हणणे आज आपणांस कळते.

परंतु समजून घेणे म्हणजे दोष झाकणे, असे रासमुसेन ह्यांनी कधी मानिले नाही. नेट्सिलिक लोकांत जन्मतःच मुली मारण्याची चाल होती. एका वस्तीत त्यांनी घरोघर जाऊन बायकांस विचारिले, तेव्हा १८ कुटुंबांत झालेल्या ९६ मुलांपैकी ३८ मुली मारिल्या गेल्याचे आढळले. हे आकडे त्यांनी छापून प्रसिद्ध केले. त्याबरोबर त्यामागील हिशेबही सांगितला : आई प्रत्येक मुलास दोन-तीन वर्षे अंगावर पाजते, मुलगी वाढवावी तर ती कामास येण्याच्या वयात परघरी जाते, आणि बाप थकला म्हणजे शिकार आणणारा मुलगा नसेल तर घर उपाशी मरते. तीच माणसे आपल्या मुलांवर किती माया करितात हेही त्यांनी लिहिले आहे. आम्हांस वाटते की, ते आकडे वाचून जो केवळ संतापतो त्यास ती वस्ती कळली नाही, आणि जो हिशेब ऐकून केवळ मान डोलावितो त्यासही ती कळली नाही.

१९२३ सालच्या मार्चमध्ये रासमुसेन आपल्या डॅनिश सोबत्यांस मागे ठेवून दोन घसरगाड्या व चोवीस कुत्री घेऊन पश्चिमेस निघाले. बरोबर थुले येथील दोघेच होती, मितेक नावाचा तरुण शिकारी व त्याची नातलग अनारुलुंगुआक. ह्या बाईचा नवराही सफरीत निघाला होता, परंतु आरंभीच तो ग्रीनलंडात साथीच्या तापाने वारला. तिने घरी परत जाण्याचे नाकारिले. ती कपडे शिवी, स्वयंपाक करी व गाडीमागे पुरुषांबरोबर चाले. तिच्या सुईवाचून हा प्रवास झालाच नसता. १९२४ साली ही तिघे अलास्कात पोहोचली. हडसन उपसागरापासून तेथवर जेथे जेथे इनुइट वस्ती लागली तेथे तेथे ग्रीनलंडची बोली थोड्याबहुत फरकाने समजली. हजारो मैल पसरलेला हा समाज मुळात एक आहे, ही गोष्ट त्यांनी ह्याप्रमाणे स्वतः बोलून व ऐकून पटवून घेतली. पुढे सैबेरियाच्या किनाऱ्यावरील लोकांसही भेटावे असा त्यांचा हेतू होता, परंतु रशियाच्या अधिकाऱ्यांनी राहू दिले नाही म्हणून त्यांस लगेच परतावे लागले.

परतताना ती दोघे सोबती न्यूयॉर्क शहर पाहावयास गेली. उंच इमारतीच्या गच्चीवर उभी राहून अनारुलुंगुआक खालची गर्दी पाहत राहिली. निसर्गाहून मोठे काही नाही असे आजवर वाटत असे, आणि येथे तर माणसांनी दगडांचे डोंगर उभे केले आहेत, ह्याचा तिने विचार चालविला होता. आजवर विद्वान तिच्या लोकांस न्याहाळीत होते. त्या दिवशी तिने विद्वानांच्या जगास न्याहाळिले, आणि रासमुसेन ह्यांनी तिचे विचारही आपल्या पुस्तकात आदराने नमूद केले.

१९३३ साली सातव्या सफरीत पूर्व ग्रीनलंडात असता त्यांस जेवणातून विषबाधा झाली. त्यातच फुफ्फुसाचा विकार जडून डिसेंबरच्या २१ तारखेस डेन्मार्कात त्यांचा अंत झाला. त्यांचे वय ५४ वर्षांचे होते. पाचव्या सफरीचा वृत्तांत दहा खंडांत छापिला गेला. लोकांकडून मिळविलेल्या हजारो वस्तू कोपनहेगन येथील राष्ट्रीय संग्रहालयात गेल्या. त्या वस्तू जेथल्या तेथे राहिल्या असत्या तर बरे, असे आज पुष्कळांस वाटते, आणि ते अयोग्य नाही. तथापि ज्या गाण्यांचे गाणारे उरले नव्हते ती गाणी व त्या कथा इनुइट लोकांची नातवंडे आता त्याच खंडांतून वाचीत आहेत.

ज्या थुले वस्तीपासून हे सर्व कार्य निघाले तिचे पुढे काय झाले हेही सांगितले पाहिजे. १९५३ साली अमेरिकेच्या विमानतळास जागा हवी म्हणून तेथील लोकांस थोड्या दिवसांच्या सूचनेने उठवून उत्तरेस दूर नेण्यात आले. त्यांची शिकारीची भूमी सुटली. त्यांचे जीवन कशावर चालते हे लिहिलेले ग्रंथ तेव्हा सरकारी कपाटांत नव्हते असे नाही, परंतु ते उघडून पाहण्याची गरज कोणास वाटली नाही. दूरच्या लोकांचे घर, भाषा व भूक जाणून घेणे हे नुसत्या कुतूहलाचे काम नसून न्यायाचेही काम आहे. रासमुसेन ह्यांनी आपला वाटा उचलिला. उरलेला वाचणाऱ्यांवर आहे.