कै. आचार्य अत्रे आणि बोलपट

मुलांनी बोलपट पाहावेत की नाही, हा वाद आपल्या घरांत नवा नाही. त्याचा निर्णय करण्यापूर्वी एका शिक्षकाचे चरित्र आपण ध्यानी घ्यावे, असे आम्हांस वाटते.

प्रल्हाद केशव अत्रे ह्यांचा जन्म १३ ऑगस्ट १८९८ रोजी पुणे जिल्ह्यात, सासवडनजीक कोढीत ह्या खेड्यात झाला. फर्ग्युसन कॉलेजातून पदवी घेऊन त्यांनी अध्यापन पत्करले. पुण्यातील कँप भागातल्या हायस्कुलाचे ते पुष्कळ वर्षे मुख्याध्यापक होते. १९२८ साली त्यांनी लंडन येथे अध्यापनाची पदविका मिळविली. पुढे मुलांना गोडीने वाचावीशी वाटावी अशी 'नवयुग वाचनमाला' त्यांनी सिद्ध केली.

१९३३ पासून त्यांची विनोदी नाटके रंगभूमीवर गाजू लागली व लवकरच ते बोलपटांकडे वळले. 'धर्मवीर' (१९३७), 'ब्रह्मचारी' (१९३८) आणि 'ब्रँडीची बाटली' (१९३९) ह्यांच्या कथा त्यांनी लिहिल्या व मास्टर विनायक ह्यांनी त्या पडद्यावर आणल्या. ढोंगाचे हसत हसत वाभाडे काढावेत, ही अत्रे ह्यांची रीत होती. पुढे ते स्वतः निर्माते झाले आणि १९४१ च्या 'पायाची दासी'मध्ये त्यांनी सासुरवासाचे दुःख मांडले.

परंतु लोकांना हसविणाऱ्याची ज्याची ख्याती, त्याने गंभीर विषय हाती घेणे धाडसाचेच असते. अत्रे ह्यांनी ते धाडस केले. साने गुरुजींनी १९३३ साली नाशिकच्या तुरुंगात 'श्यामची आई' लिहिली होती. कोकणातील एक गरीब घर, एक हळवा मुलगा आणि त्यास प्रेमाने व प्रसंगी कठोरपणेही वळण लावणारी माता, एवढीच ती कथा. तिच्यावरून १९५३ साली अत्रे ह्यांनी चित्रपट काढला. निर्मिती व दिग्दर्शन दोन्ही त्यांचेच. १९५४ साली राष्ट्रीय पुरस्कार प्रथमच देण्यात आले, तेव्हा सर्व भारतातील चित्रपटांतून राष्ट्रपतींचे सुवर्णपदक ह्याच मराठी चित्रपटास लाभले.

त्यानंतर त्यांनी 'महात्मा फुले' (१९५४) काढला. जोतीराव फुले पुण्यातील स्कॉटिश मिशनच्या शाळेत शिकले होते व १८४८ साली त्यांनी मुलींसाठी शाळा उघडली होती. एका शिक्षकाने दुसऱ्या शिक्षकास वाहिलेली ही आदरांजलीच होय. तीस राष्ट्रपतींचे रौप्यपदक मिळाले.

अत्रे निर्दोष होते असे आम्ही म्हणत नाही. विरोधकांवर त्यांची लेखणी कित्येकदा मर्यादेबाहेर कठोर होई. तथापि आपण नळदुर्गकरांनी त्यांचे ऋण विसरू नये. १९४८ पर्यंत आपले गाव निजामाच्या राज्यात होते. सर्व मराठी मुलूख एक व्हावा म्हणून १९५६ साली निघालेल्या 'मराठा' दैनिकातून अत्रे अखंड झगडले, आणि १ मे १९६० रोजी महाराष्ट्र राज्य अस्तित्वात आले. १३ जून १९६९ रोजी मुंबईत त्यांचे निधन झाले.

पालकहो, आज पडदा प्रत्येकाच्या हातात आला आहे. तो मुलांपासून सर्वस्वी दूर ठेवणे आता शक्य नाही. त्यावर काय पाहावे, हे मुलांजवळ बसून शिकविणे मात्र शक्य आहे. आणि मुलांनो, हसविण्याची देणगी तुम्हांस लाभली असेल, तर ती दुर्बळास खिजविण्यात न दवडता ढोंग उघडे पाडण्यास वापरा. अत्रे ह्यांच्या चरित्रापासून आम्ही हाच बोध घेतो.