डेबूजींचे बालपण

श्रीसंत गाडगेमहाराजांचा खराटा आणि कीर्तन आपल्या परीट समाजात कोणास ठाऊक नाही? तथापि त्यांच्या बालपणाकडे आपले लक्ष क्वचितच जाते. म्हणून या स्मरणिकेच्या निमित्ताने आम्ही तेच थोडक्यात निवेदन करीत आहोत.

दि. २३ फेब्रुवारी १८७६ रोजी अमरावती जिल्ह्यातील शेंडगाव येथे झिंगराजी व सखूबाई यांच्या पोटी डेबूजींचा जन्म झाला. झिंगराजी मद्याच्या आहारी जाऊन अकाली निवर्तले. सखूबाई पोरक्या मुलास घेऊन मूर्तिजापूर तालुक्यातील दापुरे येथे, आपल्या माहेरी, आश्रयास आल्या. तेथे डेबूजी गुरे राखीत, पुढे नांगरही धरू लागले. शाळा मात्र त्यांच्या नशिबी नव्हती.

तो काळ उलथापालथीचा होता. १८५३ पासून वऱ्हाडात इंग्रजी कारभार सुरू झाला होता. आगगाडीमुळे कापसास दूरची बाजारपेठ लाभली, जमिनीस मोल आले, आणि त्याबरोबर ती गहाण पडू लागली. इकडे आपल्या पुणे जिल्ह्यात, सुपे येथे, १८७५ साली शेतकऱ्यांनी सावकारांचे कागद जाळले. पुढे १८७९ साली पुणे, सातारा, सोलापूर व नगर या जिल्ह्यांकरिता संरक्षक कायदा झाला. वऱ्हाड त्या कायद्याबाहेर राहिले. डेबूजींच्या मामांची जमीन सावकाराच्या घशात गेली. घरात कष्टास तोटा नव्हता. कागद वाचणारे मात्र कोणी नव्हते.

दारूने पिता नेला आणि निरक्षरतेने जमीन नेली. हे दोन घाव डेबूजी विसरले नाहीत. कन्येच्या बारशास त्यांनी मद्यमांसाची रूढी मोडून गोड जेवण घातले. १९०५ साली त्यांनी गृहत्याग केला. लोकांनी दिलेल्या पैशातून पंढरपूर, नाशिक आणि आपल्या जवळच्या आळंदीस धर्मशाळा उभ्या राहिल्या. स्वतःकरिता त्यांनी झोपडीही बांधली नाही. दि. २० डिसेंबर १९५६ रोजी ते निजधामास गेले.

आमच्या वडिलांनीही एकदा न वाचता कागदावर अंगठा उठविला होता आणि त्याचे फळ आम्ही लहानपणी भोगले. म्हणूनच आम्ही आयुष्यभर खडू हाती धरला. आज कासारवाडीतील आपली मुले कारखान्यांत व कचेऱ्यांत कामास जातात, ही आनंदाची गोष्ट होय. परंतु अजूनही काही घरी शाळा अर्ध्यावर सुटते आणि मंगलकार्यात बाटली येते. बाबांच्या तसबिरीस हार घालणे सोपे आहे. ज्ञातिबांधवांनी यंदा एवढेच करावे: एकाही मुलाची शाळा सुटू देऊ नये आणि एकाही बारशास दारू येऊ देऊ नये. त्या पोरक्या गुराख्यास तीच खरी श्रद्धांजली ठरेल.