३००० मीटरवर युद्ध शूट करणारा लुका कोमेरियो, ज्याला शेवटी कुणी कामच दिलं नाही

आज सीमेवरचा व्हिडिओ दोन मिनिटांत मोबाईलवर येतो. १९१६ साली त्यासाठी लुका कोमेरियोला आल्प्सच्या हिमनदीवर कॅमेरा चढवावा लागला होता.

कोमेरियो इटलीतल्या मिलानचा, जन्म १८७८ चा. १८९८ मध्ये पाव महागला म्हणून मिलानचे लोक रस्त्यावर उतरले आणि लष्कराने गर्दीवर तोफा डागल्या. विशीही न गाठलेल्या कोमेरियोने त्याचे फोटो काढले. पुढच्याच वर्षी इकडे मुंबईत सावेदादांनी कुस्ती चित्रित केली, काळ साधारण तोच. गंमत म्हणजे तोफांसमोरचं शहर टिपणारा हा पोरगा पुढे राजघराण्याचा फोटोग्राफर झाला. १९११ च्या लिबियातल्या युद्धातही तो कॅमेरा घेऊन गेला.

१९१५ मध्ये इटली पहिल्या महायुद्धात उतरला. समोर ऑस्ट्रिया, मध्ये आल्प्स. आदामेल्लोच्या पहाडात लढाई ३००० मीटरच्या वर गेली. आपलं कळसूबाई १६४६ मीटर, म्हणजे जवळपास दुप्पट. इथे शत्रूइतकाच बर्फ जीव घ्यायचा. हिमकडे कोसळून आणि गारठून जवान मरायचे. तोफा दोर लावून माणसांनीच वर ओढल्या. कोमेरियोचा कॅमेरा हाताने दांडा फिरवून चालायचा, तोही तिकाटण्यावर उभा करून. बर्फात दांड्याचा वेग सांभाळणं सोपं नव्हतं. त्याच्या फिल्ममध्ये गोळीबारापेक्षा चढणं, ओढणं, वाहणं जास्त दिसतं, आणि तीच तिची ताकद आहे. मरण मात्र फारसं दिसत नाही. लष्कराच्या परवानगीने शूट करणाऱ्याला सगळं दाखवता येत नसतं, हे आजच्या पत्रकारांनाही माहीत आहे.

युद्धानंतर त्याचा धंदा बसला. मुसोलिनीच्या काळात सरकारी चित्रपट संस्थेकडे त्याने काम मागितलं, पण मिळालं नाही. १९४० मध्ये मिलानजवळच्या मोंबेल्लो मनोरुग्णालयात तो वारला.

चाळीसेक वर्षांनी येरवांत जानिकियान आणि आंजेला रिक्की लुक्की या जोडप्याला त्याच्या फिल्मचा साठा सापडला. रिळं खराब होत चालली होती. दोघांनी एकेक चौकट नव्याने टिपली, वेग कमी केला. १९९८ मध्ये त्यांनी डोंगरातल्या युद्धावर वेगळा चित्रपट केला. त्यात बर्फातून ठिपक्यांसारखे सरकणारे जवान अगदी हळू चालताना दिसतात.