अमेरिकेत मेलेला कायदा आणि बाबासाहेब

चैत्यभूमी असो की दीक्षाभूमी, सगळ्यात मोठी गर्दी असते ती पुस्तकांच्या स्टॉलवर. पोटाला चिमटा काढून पुस्तक विकत घेणारा समाज ही बाबासाहेबांची देणगी आहे. पण खुद्द बाबासाहेबांनी परदेशाचा इतिहास वाचून त्यातून काय उचलले, याची चर्चा आपल्याकडे फारशी होत नाही. कोलंबिया विद्यापीठाचा उल्लेख आपण अभिमानाने करतो आणि पुढे जातो. अमेरिकेतील कृष्णवर्णीयांचा इतिहास बाबासाहेबांनी एखाद्या निष्णात वकिलाने हरलेल्या खटल्याची कागदपत्रे वाचावीत तसा वाचला. हा खटला नेमका कुठे हरला गेला, हे त्यांना शोधायचे होते.

अमेरिकेकडे पाहण्याची ही दृष्टी आपल्याला प्रथम दिली महात्मा जोतीराव फुले यांनी. १८७३ साली त्यांनी 'गुलामगिरी' हा ग्रंथ अमेरिकेतील गुलामांना मुक्त करणाऱ्या सदाचारी लोकांना अर्पण केला. तेव्हा तेथील गुलामगिरी संपून जेमतेम आठ वर्षे झाली होती. शूद्रातिशूद्रांनाही असाच मुक्तीचा दिवस दिसेल, अशी तात्यासाहेबांची आशा होती.

त्यानंतर चाळीस वर्षांनी, जुलै १९१३ मध्ये, एक तरुण न्यूयॉर्कच्या बंदरात उतरला. १४ एप्रिल १८९१ रोजी महू येथे सुभेदार रामजींच्या पोटी जन्मलेला, एल्फिन्स्टनमधून मॅट्रिक व पदवीधर झालेला, सयाजीराव गायकवाडांच्या शिष्यवृत्तीवर आलेला. तीन वर्षे त्याने सेलिग्मन, ड्यूई यांच्यासारख्या गुरूंकडे अध्ययन केले. १९१५ ला एम. ए. झाला. ९ मे १९१६ रोजी गोल्डनवायझर यांच्या चर्चासत्रात भारतातील जातींवर निबंध वाचला. जुन्या पुस्तकांच्या दुकानांतून सुमारे दोन हजार ग्रंथ जमविले. तेथे त्याला कोणी वेगळ्या ताटात वाढले नाही. पण त्याच देशाच्या दक्षिणेत कृष्णवर्णीयांसाठी शाळा वेगळी होती आणि आगगाडीचा डबाही वेगळा होता. गुलामगिरी संपून पन्नास वर्षे झाली होती, मग हे कसे?

उत्तर कायद्याच्या इतिहासात आहे. १८६५ च्या तेराव्या घटनादुरुस्तीने गुलामगिरी संपली. चौदाव्या दुरुस्तीने १८६८ साली नागरिकत्व आणि कायद्याचे समान संरक्षण दिले. मतदानातील वर्णभेदाला १८७० च्या पंधराव्या दुरुस्तीने बंदी केली. १ मार्च १८७५ च्या कायद्याने खाणावळी, प्रवासाची साधने, नाट्यगृहे सर्वांना खुली केली. कागद भक्कम होता. पण १८७७ साली राजकीय तडजोड झाली, दक्षिणेतून केंद्राचे सैन्य मागे घेतले गेले आणि कृष्णवर्णीयांना कालच्या मालकांच्या हाती सोपविले गेले. १८८३ साली तेथील सुप्रीम कोर्टाने १८७५ चा कायदाच रद्द केला. कोर्टाचे म्हणणे असे, की चौदावी दुरुस्ती सरकारला बांधते, खाणावळीच्या मालकाला नाही. 'गुलामगिरी' प्रसिद्ध होऊन तेव्हा दहाच वर्षे झाली होती. पुढे १८९६ साली त्याच कोर्टाने वेगळ्या डब्यांना मान्यता दिली.

बाबासाहेब १९१७ साली मायदेशी परतले. त्यांचे ग्रंथ असलेले सामान ज्या बोटीवर होते ती टॉर्पेडोने बुडाली आणि बडोद्यात या उच्चविद्याविभूषित माणसाला राहायला जागा मिळाली नाही. ग्रंथ गेले, पण विद्या बुडत नाही. लंडनचे शिक्षण पुरे करून ते १९२३ ला बॅरिस्टर होऊन परतले. १९२७ ला महाडचे चवदार तळे आणि २ मार्च १९३० पासून आमच्या नाशिकचे काळाराम मंदिर. कर्मवीर दादासाहेब गायकवाडांच्या खांद्याला खांदा लावून हजारो स्त्री-पुरुषांनी तो सत्याग्रह लढविला. पाच वर्षांत दार उघडले नाही. १३ ऑक्टोबर १९३५ ला याच जिल्ह्यातील येवल्याला बाबासाहेबांनी धर्मांतराची घोषणा केली. मालकाच्या मर्जीने मिळणारा हक्क हा हक्कच नव्हे, हे नाशिकने देशाला दाखवून दिले.

स्वातंत्र्य जवळ येऊ लागले तेव्हा काँग्रेसवाले विचारीत, अस्पृश्य स्वातंत्र्याच्या लढ्यात बिनशर्त का उतरत नाहीत? १९४५ साली काँग्रेस व गांधींनी अस्पृश्यांसाठी काय केले याचा हिशेब मांडणाऱ्या ग्रंथात बाबासाहेबांनी याला अमेरिकेच्या इतिहासातून उत्तर दिले. हर्बर्ट ॲप्थेकर या अमेरिकन इतिहासकाराच्या लिखाणाचा आधार घेऊन त्यांनी दाखविले, की यादवी युद्धात कृष्णवर्णीयांनी रक्त सांडले आणि विजयानंतर त्यांचाच विश्वासघात झाला. तसा घात आपल्या लोकांचा होऊ नये म्हणून आधी लेखी हमी हवी, ही त्यांची भूमिका होती. १९४६ साली त्यांनी कृष्णवर्णीयांचे थोर विचारवंत डब्ल्यू. ई. बी. डुबॉइस यांना पत्र लिहून त्यांच्या समाजाने संयुक्त राष्ट्रसंघाकडे केलेल्या अर्जाच्या प्रती मागविल्या. डुबॉइस यांनी उत्तरही पाठविले.

मार्च १९४७ मध्ये 'राज्ये आणि अल्पसंख्याक' हे निवेदन प्रसिद्ध झाले. त्यात सार्वजनिक ठिकाणच्या समान वागणुकीची कलमे बाबासाहेबांनी अमेरिकेच्या १८६६ व १८७५ च्या कायद्यांवरून घेतल्याचे नमूद आहे. म्हणजे जो कायदा अमेरिकेत मारला गेला होता, तोच त्यांनी उचलला! आणि मसुदा समितीच्या अध्यक्षपदी असताना तो ज्या भोकातून बुडाला ते भोकही बुजविले. संविधानाचे कलम १५ (२) पाहा. दुकाने, हॉटेले, उपाहारगृहे, विहिरी, तलाव, स्नानघाट, रस्ते येथे एका नागरिकाला दुसऱ्या नागरिकाची अडवणूक करता येत नाही. कलम १७ ने अस्पृश्यता नष्ट केली, ती सरकारपुरती नव्हे, प्रत्येकासाठी. 'स्नानघाट' हा शब्द वाचताना नाशिकच्या माणसाला गोदाकाठ आठवतोच. ६ डिसेंबर १९५६ रोजी महापरिनिर्वाण झाले तेव्हा अमेरिकेत वेगळ्या बाकड्यांविरुद्धचा लढा अजून चालूच होता. तेथे तो कायदा पुन्हा यायला १९६४ साल उजाडले. मध्ये ८१ वर्षे गेली.

आपल्याकडे असे घडणार नाही, असे समजून झोपणाऱ्यांनी २० मार्च २०१८ ची तारीख लक्षात ठेवावी. त्या दिवशी सुप्रीम कोर्टाच्या निकालाने १९८९ चा अत्याचार प्रतिबंधक कायदा बोथट झाला. २ एप्रिलला समाज रस्त्यावर उतरला, अनेकांचे प्राण गेले. ऑगस्टमध्ये संसदेला दुरुस्ती करून कायदा पूर्ववत करावा लागला. अमेरिकेत ८१ वर्षे लागली ते येथे पाच महिन्यांत झाले, कारण कायदा आपला आहे आणि तो मेला तर आपण मरतो, हे वस्तीवस्तीतल्या अडाणी म्हणविल्या जाणाऱ्या माणसालाही ठाऊक होते.

कायदा पुस्तकात असून भागत नाही, हे कोर्टात रोज उभे राहणारा माणूस जाणतो. फिर्याद नोंदविणारा हात, फुटून न जाणारा साक्षीदार आणि पाठीशी उभी राहणारी वस्ती नसेल, तर भक्कमातला भक्कम कायदा १८७५ च्या कायद्याच्या वाटेने जातो. म्हणून या वर्षी पुस्तकांच्या स्टॉलवरून बाबासाहेबांच्या फोटोबरोबर संविधानाची प्रत घरी न्या, आणि कलम १५ व १७ घरातल्या पोराबाळांकडून मोठ्याने वाचून घ्या. खटला अजून संपलेला नाही.

जय भीम!