सूरश्री केसरबाई केरकर

शिक्षक मित्रांनो आणि पालकहो, आपल्या कोल्हापूरशी नातं असलेल्या एका मोठ्या गायिकेची ही माहिती. पाचवीच्या पुढच्या मुलांना परिपाठात सांगता येईल.

केसरबाईंचा जन्म 13 जुलै 1892 रोजी गोव्यातील केरी या गावी झाला. घराणं कलावंतांचं. त्या काळी अशा घरातल्या मुलींना गाणं मिळायचं, पण समाजात मान मिळत नसे. आठ वर्षांच्या असताना त्या कोल्हापूरला आल्या. इथे उस्ताद अब्दुल करीम खाँ यांच्याकडे काही महिने शिकल्या. पुढे गोव्यात रामकृष्णबुवा वझे आणि मुंबईत भास्करबुवा बखले यांची थोडी थोडी तालीम मिळाली. पण शिक्षण सलग काही होईना.

कोल्हापूर दरबारचे गायक उस्ताद अल्लादिया खाँ यांचं गाणं त्यांना हवं होतं. 1921 मध्ये खाँसाहेबांनी त्यांना शिष्य केलं. तेव्हा केसरबाई 28 वर्षांच्या होत्या, मैफली करत होत्या. तरीही त्या पुन्हा विद्यार्थिनी झाल्या. ही तालीम खाँसाहेबांच्या निधनापर्यंत, म्हणजे 1946 पर्यंत चालू राहिली. तब्बल 25 वर्षं!

मग मात्र त्यांच्या मैफलीला राजेरजवाड्यांपासून जाणकार रसिकांपर्यंत सगळे येऊ लागले. जयपूर-अत्रौली घराण्याचे अवघड राग त्या भरदार, मोकळ्या आवाजात गात. श्रोत्यांनी लक्ष देऊन ऐकावं ही त्यांची अट असे. कलेचा मान त्यांनी असा स्वतः मिळवला. कोलकात्यात त्यांना ‘सूरश्री’ ही पदवी मिळाली, 1953 मध्ये संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार आणि 1969 मध्ये पद्मभूषण.

पण एक गोष्ट मनाला लागते. ध्वनिमुद्रण त्यांना फारसं आवडत नसे आणि त्यांनी शिष्यही केले नाहीत. अपवाद एकच, आपल्या कोल्हापूरच्या धोंडूताई कुलकर्णी. धोंडूताईंनी ती विद्या पुढच्या पिढीला शिकवली, म्हणून तो धागा तुटला नाही. बाकी उरल्या त्या तीन-साडेतीन मिनिटांच्या मोजक्या तबकड्या.

त्यातलीच भैरवीची एक तबकडी 1977 मध्ये अमेरिकेच्या व्हॉयेजर यानांवरील सोनेरी तबकडीसाठी निवडली गेली. पृथ्वीवरच्या 27 संगीतरचनांमध्ये भारताची ही एकच. व्हॉयेजर-1 चं उड्डाण 5 सप्टेंबरला झालं आणि 16 सप्टेंबर 1977 ला केसरबाई गेल्या. ते यान आज सूर्याच्या प्रभावक्षेत्राबाहेर पोहोचलं आहे.

वर्गात ही भैरवी मुलांना जरूर ऐकवा. आधी फक्त ऐकू द्या, माहिती नंतर सांगा. आणि मग एकच प्रश्न विचारा: नाव झाल्यावरही पुन्हा शिकायला बसायचं धाडस आपल्यात आहे का? उत्तर मुलांसोबत आपणही शोधू या.