आगकाड्यांची मौज

धुंडिराज गोविंद तथा दादासाहेब फाळके यांचा जन्म १८७० साली त्र्यंबकेश्वर येथे झाला. चित्रपटाच्या ध्यासापायी त्यांची दृष्टी काही काळ अधू झाली. तरीही विम्याचे कागद गहाण टाकून १९१२ साली ते विलायतेस गेले व कॅमेरा घेऊन परतले. परंतु चित्रपट काढण्यास द्रव्य कोण देणार? त्यांनी कुंडीत वाटाणा पेरला आणि तो जसजसा वाढेल तसतशी त्याची एकेक छबी घेतली. त्या छबी पडद्यावर भरभर सरकताच दाण्यास अंकुर फुटला, पाने उलगडली आणि पाहता पाहता रोप उभे राहिले! भांडवल देणाऱ्याचा विश्वास बसला व १९१३ साली ‘राजा हरिश्चंद्र’ लोकांपुढे आला. फिल्म धुण्याचे किचकट काम पत्नी सरस्वतीबाई करीत. त्यांचे नाव मात्र फारसे कोणी घेत नाही.

पुढे महायुद्ध पेटले व पैशाची चणचण भासू लागली. तशाही दिवसांत, १९१५ साली, दादासाहेबांनी ‘आगकाड्यांची मौज’ हा लघुपट काढला. काडी केसभर सरकवावयाची, छबी घ्यावयाची, पुन्हा सरकवावयाची. अशा सोळाएक छबी झाल्या म्हणजे पडद्यावरचा जेमतेम एक सेकंद भरे; पण तेवढ्यात निर्जीव काड्या आपल्याआप हलू लागत. १९४४ साली नाशिक येथे त्यांचे देहावसान झाले.