सेनापती बापट

पांडुरंग महादेव बापट ऊर्फ सेनापती बापट (जन्म : पारनेर, १२ नोव्हेंबर १८८०, मृत्यू : मुंबई, २८ नोव्हेंबर १९६७) हे भारतीय स्वातंत्र्यसैनिक व मुळशी सत्याग्रहाचे नेते होते. पुण्याच्या डेक्कन कॉलेजात शिक्षण घेतल्यावर ते शिष्यवृत्तीवर एडिंबरा येथे गेले. पुढे पॅरिसमध्ये त्यांनी बाँब बनविण्याची विद्या मिळवली.

मुळशी सत्याग्रह

मुळा व निळा नद्यांच्या संगमाजवळ टाटांच्या वीज कंपनीने धरण बांधावयास घेतले. वीज मुंबईला जाणार होती. मावळातील भातखाचरे व गावे पाण्याखाली जाणार होती. सरकारने १८९४ च्या भूसंपादन कायद्यान्वये जमिनी संपादन केल्या. मोबदला अपुरा वाटल्यास या कायद्याने न्यायालयात दाद मागता येई. मात्र संपादनालाच हरकत नोंदविण्याची तरतूद त्यात १९२३ मध्ये प्रथम आली. जमीनमालक असलेल्या सावकारांपैकी अनेकांचा कल मोबदला घेण्याकडे होता. जमीन कसणाऱ्या मावळ्यांपुढे प्रश्न रकमेचा नसून निर्वाहाचा होता. बापटांनी त्यांची बाजू घेतली.

१६ एप्रिल १९२१ रोजी सत्याग्रहास प्रारंभ झाला. बापटांना वारंवार कारावास झाला. अखेरीस धरणाच्या कामावरील रेल्वेगाडी अडविल्याबद्दल त्यांना सात वर्षांची शिक्षा झाली. धरण पूर्ण झाले आणि गावे बुडाली. धरणग्रस्तांच्या भारतातील आरंभीच्या संघटित लढ्यांत मुळशीची गणना होते. या लढ्यापासूनच बापट ‘सेनापती’ म्हणून ओळखले जाऊ लागले.